चार मिनिटं पस्तीस सेकंदांवर

१

सिंधूबाई सूर्यवंशी नांदेडला आल्या तेव्हा त्यांच्या नवऱ्याला जाऊन एकोणीस दिवस झाले होते. मुलगी लातूरच्या खोलीतून कुणाला न सांगता निघून गेली, त्याला तीन महिने होत आले होते. या दोन गोष्टींच्या मध्ये एक व्हिडिओ होता. तो दाखवायलाच त्या आल्या होत्या.

ज्यांच्याकडे आल्या त्या कुसुम पाठक. नांदेडच्या एका दैनिकात त्यांनी अठ्ठावीस वर्षं उपसंपादक म्हणून काम केलं, म्हणजे मुख्यतः मथळे लिहिले आणि दुसऱ्यांचे मथळे दुरुस्त केले. निवृत्त झाल्यावर ओळखीपाळखीचे लोक त्यांना मोबाईलवर आलेले व्हिडिओ पाठवून विचारायचे, ताई, हे खरं आहे का? त्या शेवटपर्यंत बघायच्या आणि दोन ओळींत कळवायच्या, वर काय लिहिलंय आणि आत काय आहे. त्याचा बोलबाला होत होत हदगाव तालुक्यातल्या एका खेड्यापर्यंत पोचला होता.

सिंधूबाईंबरोबर त्यांचे धाकटे दीर दयानंद आले होते. पन्नाशीचे, अंगाने उंच, बोलायला कमी. ते खुर्चीवर न बसता दाराजवळ टेकले आणि चहाचा कप हातात तसाच धरून राहिले.

मुलीचं नाव तनुजा, घरात हाक मारायचे मनू. डॉक्टरकीच्या प्रवेशासाठीच्या नीट परीक्षेची दुसरी खेप होती. निकाल लागला, मार्क पहिल्यापेक्षाही कमी आले, आणि दुसऱ्या दिवशी ती फोन बंद करून निघून गेली. तीन दिवसांनी तिचे वडील श्रीमंत सूर्यवंशी यांची मुलाखत ‘थेट तालुका’ नावाच्या स्थानिक चॅनेलवर आली. पुढे पोलिसांनी मुलीचा पत्ता लावला, पण ती एकोणीस वर्षांची. मी सुखरूप आहे, घरी जायचं नाही, पत्ता सांगू नका, असं तिने लिहून दिलं. पोलिसांचं काम तिथे संपलं.

सिंधूबाईंनी फोन पुढे केला. व्हिडिओवर तनुजाचा फोटो होता आणि ठळक पिवळ्या अक्षरांत लिहिलं होतं: ‘माझ्यासाठी मेली! डॉक्टरकीचं स्वप्न मोडलं, हदगावच्या बापानं लेक मनूचं नाव टाकलं.’

सहा लाख लोकांनी तो पाहिला होता. गावात श्रीमंतांना लोक तोंडावर काही बोलत नव्हते, पण पारावर ते आले की बोलणं थांबायचं. त्यांनी घरी बायकोला शपथेवर सांगितलं होतं की मी असं म्हणालो नाही. मग कुणीतरी त्यांना तो तुकडा ऐकवला. त्यानंतर ते तोच तुकडा रोज ऐकत बसायचे.

“शेवटी शेवटी म्हणायचे, सिंधू, आवाज तर माझाच हाय. म्हणलो असंल. मला कामून आठवत न्हाई?” सिंधूबाई म्हणाल्या. एवढं बोलून त्यांनी पदर तोंडाला लावला.

श्रीमंत छातीत कळ येऊन गेले. तनुजा मातीला आली नाही. आईच्या फोनवर तिचा एकच निरोप आला होता. तो सिंधूबाईंना वाचता येत असूनही त्यांनी कुसुमताईंकडून वाचून घेतला. ‘आप्पांसाठी मी मेलेली होते. मेलेलं माणूस कुणाच्या मातीला येत नसतं. तू जप.’

सिंधूबाईंना एवढंच हवं होतं, नवरा तसं म्हणाला की नाही हे कुणीतरी ठरवून द्यावं. म्हणाला असेल तर त्या ते गिळतील. पण नसेल म्हणाला, तर ते पोरीला कळलं पाहिजे.

२

कुसुमताईंची एक पद्धत होती. मथळ्यावर कागद ठेवायचा, आत काय आहे ते शेवटपर्यंत बघायचं, त्याला स्वतःच्या मनाने एक मथळा द्यायचा आणि मगच कागद काढायचा. दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी तसंच केलं.

व्हिडिओ एक मिनिट अठ्ठेचाळीस सेकंदांचा होता. हदगावच्या बसस्टँडजवळची चुना मारलेली भिंत, सकाळचं ऊन, भिंतीपुढे पांढरी टोपी घातलेले श्रीमंत. ते हळू बोलत होते. “माझं लेकरू रविवारी गेलं. जेवलं का न्हाई मला माहीत न्हाई. लई गुणी लेकरू हाय, त्याला गर्दीचं भ्या वाटतंय. ते कुठं असंल, कुणापाशी असंल…” असं मिनिटभर. मग चित्र किंचित उडी मारतं, श्रीमंतांच्या मागून, भिंतीला लागून जाणारा ऑटो मधेच नाहीसा होतो, आणि ते म्हणतात, “माझ्यासाठी मेली.” तिथेच चित्र गोठतं.

कुसुमताईंनी तो नऊ वेळा पाहिला. आवाज श्रीमंतांचाच होता, ओठही तेच शब्द बोलत होते, खोटं बनवलेलं काही नव्हतं. पण त्यांनी वहीत पहिली नोंद केली ती व्याकरणाची. या माणसाने मुलीला सात वेळा ‘लेकरू’ म्हटलं होतं आणि सातही वेळा क्रियापद किंवा सर्वनाम नपुंसकलिंगी होतं. गेलं, जेवलं, ते कुठं असंल. मुलीला रागाने टाकून देणारा बाप एका वाक्यासाठी लिंग कशाला बदलेल? ‘लेकरू मेलं’ म्हणाला असता. ‘मेली’ ही दुसरीच कुणीतरी होती.

दुसरी नोंद डोळ्यांची. पूर्ण वेळ श्रीमंत कॅमेऱ्याकडे बघत होते. त्या शेवटच्या वाक्याला मात्र त्यांची नजर कॅमेऱ्याच्या डाव्या बाजूला, कुणाकडे तरी गेली होती. ज्याला आपलं बोलणं आधीच ठाऊक आहे अशा माणसाकडे आपण बघतो, तशी.

तिसरी नोंद भिंतीवरची. ऊन कॅमेऱ्याच्या मागून येत होतं, त्यामुळे समोरच्यांच्या सावल्या भिंतीवर पडल्या होत्या. सावल्या दोन होत्या. एक माईक धरलेल्या माणसाची, आणि दुसरी उंच, एक हात डोळ्यांच्या पातळीवर धरलेली.

मग त्यांनी खालच्या प्रतिक्रिया वाचायला घेतल्या. बापाला शिव्या घालणाऱ्या शेकडो होत्या. त्या सगळ्या ओलांडून त्या तळाशी, अगदी सुरुवातीच्या प्रतिक्रियांपर्यंत गेल्या. तिथे स्वप्नाली नावाच्या बाईने लिहिलं होतं, ‘४:३५ ला माझ्या डोळ्यांत पाणी आलं. काका, तुमचं लेकरू नक्की परत येईल.’

कुसुमताईंनी चष्मा पुसला आणि पुन्हा वाचलं. एक मिनिट अठ्ठेचाळीस सेकंदांच्या व्हिडिओत चार मिनिटं पस्तीस सेकंद कुठून आले?

३

‘थेट तालुका’ चॅनेल हरिओम नावाचा तिशीतला तरुण एकटाच चालवायचा. हदगावला एका मोबाईलच्या दुकानावरच्या खोलीत त्याचं ऑफिस होतं. कुसुमताई म्हटल्यावर तो उठून उभा राहिला. नांदेडला पत्रकारितेचा अभ्यासक्रम करताना त्याने त्यांची दोन व्याख्यानं ऐकली होती.

व्हिडिओ कापल्याचं त्याने लगेच मान्य केलं. मूळ सहा मिनिटांच्या वर होता. वर चढवल्यावरही चॅनेलवर तो कापता येतो, मथळाही बदलता येतो, लिंक तीच राहते. लोक लांब व्हिडिओ बघत नाहीत म्हणून कापला. मूळ फाईल? कार्ड पुसून पुन्हा वापरलं, आता कुठेच नाही. वाक्य मात्र त्या माणसाच्याच तोंडचं आहे, मी पदरचं काही घातलं नाही, असं त्याने दोनदा सांगितलं.

कुसुमताईंनी विचारलं की शूटिंगला आणखी कोण होतं. तो म्हणाला, कुणी नाही, मी एकटाच.

“मग दुसरी सावली कुणाची?”

हरिओम फोनवरच्या चित्राकडे बघत राहिला. मग म्हणाला, बसस्टँड आहे, येणारे जाणारे उभे राहतात.

“आणि मनू हे नाव? पोलिसांत दिलेल्या तक्रारीत तनुजा आहे. व्हिडिओत बाप लेकरू म्हणतो, बाळा म्हणतो. मनू कुठेच नाही. ते तुझ्या मथळ्यात कसं आलं?”

त्याने पाण्याची बाटली उचलली, झाकण उघडलं, पुन्हा लावलं. उत्तर दिलं नाही. त्या निघाल्या तेव्हा जिन्यापर्यंत आला आणि म्हणाला, “मॅडम, तुम्हीच शिकवलं होतं, मथळा असा पाहिजे की माणूस थांबला पाहिजे.”

ते त्यांनी शिकवलं होतं. मथळ्यात जे आहे ते आत असलं पाहिजे, हे पुढचं वाक्यही शिकवलं होतं, पण ते त्याच्या लक्षात राहिलं नव्हतं, किंवा त्यांनीच ते हळू आवाजात सांगितलं असेल. नांदेडला परतताना बसमध्ये त्या हाच विचार करत राहिल्या.

घरी पोचल्या तेव्हा स्वप्नालीचं उत्तर आलेलं होतं; ती हिमायतनगरची, कुसुमताईंनी तिला प्रतिक्रियेखाली लिहून विचारलं होतं. तिला प्रतिक्रिया आठवत होती, बोलणं नीट आठवत नव्हतं. ‘त्यांनी आधी एक जुनी गोष्ट सांगितली होती ताई,’ तिने लिहिलं होतं. ‘कुणीतरी पाण्यात गेलं होतं, एवढंच आठवतं.’

कुसुमताईंनी सिंधूबाईंना फोन लावला. तुमच्या सासरी कुणी पाण्यात बुडून गेलं होतं का? सिंधूबाईंनी बराच विचार केला. पाण्यात कुणी नाही. नवऱ्याला भीमा नावाची एक थोरली बहीण होती, ती लहानपणीच वारली, पण तापाने, असं सासू सांगायची. घरात तिचं नाव कुणी काढायचं नाही. तिचा एक फोटोसुद्धा नाही.

४

लातूरला तनुजा ज्या क्लासला होती तिथल्या समुपदेशकाचं नाव मुकुल. त्याच्यावर कुसुमताईंचा संशय होता, आणि तो साधार होता. मुलगी बेपत्ता झाल्याची बातमी आली तेव्हा पहिले दोन दिवस लोक क्लासला बोल लावत होते. मथळा बदलल्यावर सगळा रोष बापाकडे वळला. त्याचा फायदा क्लासलाच झाला होता.

मुकुलने काही लपवलं नाही. आपण हरिओमला फोन केला होता हे त्याने स्वतःहून सांगितलं. बातमीत क्लासचं नाव घेऊ नका, एवढीच विनंती होती. मथळा बदलल्यावर सुटल्यासारखं वाटलं, हेही त्याने मान खाली घालून कबूल केलं. मनू हे नाव मात्र त्याने कधी ऐकलं नव्हतं. त्याच्या वहीत, हजेरीत, सगळीकडे तनुजाच. एप्रिलपासून ती वर्गात येत नव्हती आणि ही गोष्ट घरी कळवायची राहून गेली, हेही त्याने सांगितलं. कुसुमताईंनी त्याचं नाव वहीत खोडलं. त्याच्या हातून चूक झाली होती, पण ही नाही.

खोलीतली जोडीदारीण शिवांगी. अहमदपूरकडची, अजून त्याच खोलीत राहून पुन्हा परीक्षेची तयारी करणारी. सुरुवातीला तिला वाटलं, कुसुमताई पत्ता काढायला आल्या आहेत. पत्ता मी सांगणार नाही, असं ती बसण्याआधीच म्हणाली. कुसुमताईंनी तिला पत्ता विचारलाच नाही. तनुजाला तो व्हिडिओ कुणी दाखवला, एवढंच विचारलं.

 शिवांगीने फोनमधले जुने निरोप उघडून दाखवले. तोच व्हिडिओ तिला व्हॉट्सअॅपवर दोनदा आला होता, अठरा जूनला आणि वीस जूनला. लिंक अक्षर न अक्षर सारखी. पण व्हॉट्सअॅपवर लिंक पाठवली की त्या क्षणी जो मथळा असतो तो खाली चिकटून येतो आणि मागाहून बदलत नाही. अठराच्या निरोपाखाली लिहिलं होतं, ‘हदगाव तालुक्यातील मुलगी बेपत्ता. वडिलांची हाक: बाळा, घरी ये.’ वीसच्या निरोपाखाली ती पिवळी ओळ.

“पहिला आला तेव्हा तनुजाचा फोन बंद होता,” शिवांगी म्हणाली. “ती वीसला मला भेटायला आली. मी नुसता फोन तिच्या हातात दिला. तिने वरचं वाचलं आणि परत दिला. उघडलाच नाही, मॅडम. असं वाचल्यावर कोण उघडेल?”

“तू उघडला होतास?”

शिवांगीने मान हलवली. तिनेही उघडला नव्हता.

कुसुमताई निरोपांकडे बघत होत्या. दोन्ही एकाच नंबरवरून आले होते. पहिल्याबरोबर लिहिलं होतं, ‘पोरीला दाखव माय.’ दुसऱ्याबरोबरही तेच. नंबराला शिवांगीने नाव दिलेलं होतं.

नाव होतं, तनुजाचे काका.

५

सोयाबीनच्या शेंगा भरायला आल्या होत्या. दयानंद शेतातल्या आखाड्यावर, खोपीपुढच्या बाजेवर बसले होते. कुसुमताईंना पाहून ते उठले, त्यांच्यासाठी बाज झटकली आणि स्वतः समोर जमिनीवर बसले. त्या कशासाठी आल्या ते त्यांनी विचारलं नाही.

कुसुमताईंनी जे जुळलं होतं ते एकेक करून सांगितलं. मनू हे घरातलं नाव, ते चॅनेलला घरातल्याच माणसाने दिलं. दुसरी सावली उंच माणसाची. पाण्यात गेली ती भीमाच असणार, ताप ही घरात सांगायची गोष्ट. श्रीमंत ज्याच्याकडे बघून ते वाक्य बोलले, त्याला भीमाची गोष्ट ठाऊक होती, आणि ती ठाऊक असलेलं या घरात आता एकच माणूस उरलं आहे. व्हिडिओ दोन्ही वेळा लातूरला पाठवला तुम्ही. ‘माझ्यासाठी मेली’ याचे आपल्या भाषेत दोन अर्थ होतात. मला ती मेल्यासारखी, हा एक. मला वाचवताना मेली, हा दुसरा. श्रीमंत दुसरा बोलत होते. तुम्ही तिथे उभे होता. तुम्हाला पहिल्या दिवसापासून माहीत होतं.

दयानंद मातीत बोटाने रेघा ओढत होते. रेघा ओढतच ते बोलू लागले.

भीमा चौदा वर्षांची, श्रीमंत दहाचा, ते स्वतः सातचे. तिघं शेतातून घरी येताना ओढ्याला अचानक लोंढा आला. भीमाने आधी धाकट्याला पलीकडे नेऊन ठेवलं. मग श्रीमंतसाठी परत पाण्यात गेली. त्याला काठावरच्या बाभळीपर्यंत ढकललं, आणि तिचा पाय सुटला. दोन्ही भाऊ दोन काठांवरून बघत राहिले. आईने पुढे सगळ्यांना ताप सांगितला, कारण खरं सांगितलं की श्रीमंत तीन तीन दिवस जेवत नसे.

मुलाखतीत श्रीमंतने हे सगळं पहिल्यांदा बाहेर काढलं. पण तो व्हिडिओ दिवसभरात दोनशे बारा लोकांनी पाहिला. दयानंद दर तासाला बघत होते. पोरीला जाऊन पाच दिवस झालेले. ते हरिओमकडे गेले. तो म्हणाला, बापाची हाक कुणी बघत नसतं, लोकांना टोचेल असं काही पाहिजे. एक लाख लोकांनी पाहिलं तर कुणाला ना कुणाला पोरगी दिसेलच.

“मी म्हणलं, लिहा काय लिहायचं ते. पोरगी सापडू द्या,” दयानंद म्हणाले. “घरचं नाव इचारलं, ते बी दिलं. सकाळी बघितलं तवा काळीज हाललं. पण आकडा पळून राहिला होता, मॅडम. चाळीस हजार. साठ हजार. मला वाटलं, दोन दिवस राहू द्यावं. पोरीला पाठवताना मला वरचं दिसलंच न्हाई, मला आतला भाऊच दिसत होता.”

पुढे हरिओमला तीनदा सांगून पाहिलं. त्याने मथळा बदलला नाही. आणि मग बदलायची गोष्टच उरली नाही, कारण तोवर गाव भावाला दोष देऊ लागलं होतं आणि कारण सांगायचं तर स्वतःचं नाव सांगावं लागणार होतं.

“श्रीमंतांनी तुम्हाला कधी विचारलं नाही?”

दयानंदांची बोटं थांबली.

“एकदा. या इथंच. म्हणला, दया, तू तिथं होता. मी माझ्या लेकराला असं म्हणलो का रे?” ते थांबले. “मी म्हणलं, गाड्यांचा आवाज लई होता. मला ऐकू आलं न्हाई.”

 शेजारच्या शेतात कुणीतरी फवारणी करत होतं, त्याचा घरघर आवाज येत होता.

त्यानंतर कुसुमताईंनी शेवटचं विचारलं. भिंतीवरच्या सावलीचा हात डोळ्यांच्या पातळीवर का होता? नुसता उभा माणूस हात तसा धरत नाही.

दयानंदांनी खिशातून फोन काढला आणि त्यांच्यापुढे धरला. पाहुण्यांना पाठवायला म्हणून त्यांनी ती मुलाखत स्वतःही टिपली होती. सहा मिनिटं बारा सेकंद. ती त्यांनी कुणाला पाठवली नव्हती, आणि पुसलीही नव्हती.

६

लातूरच्या खोलीत पाच माणसं मावत नव्हती. शिवांगी दाराबाहेर उभी राहिली. शिवांगीचा निरोप मिळाल्यावर तनुजा कामावरून तशीच आली होती. एका दातांच्या दवाखान्यात ती पेशंटचे नंबर लावायची. आईला पाहून ती दारातच थांबली, मग आत आली आणि भिंतीला टेकून बसली. सिंधूबाईंनी तिच्या हाताला हात लावला. तिने तो लावू दिला, एवढंच.

येताना सिंधूबाईंना दयानंदांनी बसमध्येच सगळं सांगितलं होतं. तेव्हापासून त्या दिराशी एक शब्द बोलल्या नव्हत्या.

कुसुमताईंनी फोन तनुजाच्या हातात दिला. त्याच्यावर कुठलाही मथळा नाही, आणि शेवटपर्यंत बघायचं, एवढंच सांगितलं.

लेकरू गेलं, जेवलं का न्हाई, तिथपर्यंत तनुजा कोरड्या डोळ्यांनी बघत होती. मग श्रीमंत थांबले. त्यांनी टोपी काढली, हातात घेतली. मागून ऑटो गेला. तळहाताएवढ्या पडद्यावरून त्यांचा आवाज खोलीत आला.

“मला एक बहीण होती, भीमा. कुणाला सांगितलं न्हाई आजवर. पुरात मला झाडापाशी ढकललं आन् ती गेली. माझ्यासाठी मेली. तवा माझ्या तोंडातून हाक बी निघाली न्हाई. जिंदगीभर ती हाक आत राहिली. आता मारून राहिलो. बाळा, घरी ये. डॉक्टर न्हाई झालं तर न्हाई झालं. मला डॉक्टर नको. मला माझं लेकरू पाहिजे.”

पुढेही दीड मिनिट ते बोलत होते. कुठल्या बसने यायचं, स्टँडवर कोण घ्यायला येईल, घरी आल्यावर कुणी काही विचारणार नाही. तनुजाने शेवटपर्यंत पाहिलं. चित्र संपलं तरी ती काळ्या पडद्याकडे बघत राहिली.

मग तिने विचारलं की आप्पांनी हा व्हिडिओ पाहिला होता का.  तिने काकांकडे पाहिलं.

“न्हाई,” दयानंद म्हणाले. “त्याला मी दाखवला न्हाई.”

“म्हणजे ते जाताना त्यांना वाटत होतं की ते तसं बोलले.”

“हाव.”

तनुजाने फोन खाली ठेवला. ती ओरडली नाही. मीपण उघडला नाही, असं ती अगदी हळू म्हणाली, आणि मग आईच्या मांडीवर डोकं ठेवून इतकी रडली की शिवांगी दार लोटून जिन्यावर जाऊन बसली.

७

कुसुमताईंनी चॅनेलविरुद्ध रीतसर तक्रार केली. दहा दिवसांनी हरिओमने तो व्हिडिओ काढून टाकला. तनुजाच्या संमतीने पूर्ण मुलाखत त्यांनी ओळखीच्या सगळ्यांना पाठवली. वर फक्त लिहिलं होतं, ‘श्रीमंत सूर्यवंशी काय म्हणाले होते.’ आठवड्यात ती तीनशे चाळीस लोकांनी पाहिली. सहा लाखांपैकी बाकीच्यांना ते कधी कळणार नव्हतं, आणि त्यावर कुसुमताईंकडे काही इलाज नव्हता. गावात मात्र ग्रामपंचायतीपुढे स्पीकर लावून ती ऐकवली. दयानंदांनी स्वतः उभं राहून आपलं नाव सांगितलं. त्यानंतर ते आखाड्यावरच राहायला गेले. सिंधूबाई त्यांचा डबा पाठवतात, स्वतः जात नाहीत.

पण हे सगळं पुढचं. त्या दिवशी लातूरहून परतताना दयानंद दुसऱ्या बसने गेले. नांदेडच्या बसमध्ये तनुजा आणि सिंधूबाई शेजारी बसल्या होत्या, आणि कुसुमताई त्यांच्या मागच्या बाकावर.  अहमदपूर गेल्यावर तनुजाने विचारलं की शेवटच्या दिवसांत आप्पा काय करायचे. सगळं सांग, ती म्हणाली, काही सोडू नको.

सिंधूबाईंनी आधीच्या सोमवारपासून सुरुवात केली. त्या दिवशी आप्पांनी गोठ्याचं पत्र्याचं दार नीट केलं. मंगळवारी अर्धापूरहून केळीचा फणा आणला, तुझ्यासाठी म्हणून दोन बाजूला ठेवली. बुधवारी कुणाशी बोलले नाहीत. गुरुवारी बैलांना धुतलं. शुक्रवारी पोळा होता, बैल सजवले, पण मिरवणुकीत दुसऱ्याच्या हाती धाडले. शनिवारी पुरणपोळी उरली होती ती दुधात कुस्करून खाल्ली आणि चांगली झाली म्हणाले. तनुजा मधेच विचारायची, कोणत्या वेळी, कुठे बसून, आणि सिंधूबाई आठवून सांगायच्या.

लोहा आलं तेव्हा त्या रविवारपर्यंत पोचल्या होत्या. श्रीमंत सोमवारी गेले होते.